पाचोळ्यात चरणाऱ्या पक्ष्यांची क्षेत्रीय ओळख : उत्तर अमेरिकेतील टौही

पक्ष्याची ओळख पटविणे म्हणजे त्याचे रंगरूप डोळ्यांनी पाहून ते पुस्तकातील चित्राशी ताडून घेणे, अशी सर्वसाधारण समजूत असते. उंच फांदीवर बसणाऱ्या किंवा उघड्या पाण्यावर तरंगणाऱ्या पक्ष्यांपुरती ती बऱ्याच अंशी खरीही आहे. परंतु जे गाणारे पक्षी आपला बहुतेक दिवस झुडपांच्या तळाशी, पालापाचोळ्यात अन्न शोधण्यात घालवितात, त्यांच्या बाबतीत ही रीत अपुरी पडते. असा पक्षी संपूर्णपणे दृष्टीस पडणे विरळाच. शेपटीचे टोक, कुशीचा तांबूस पट्टा, उडताना चमकून गेलेला एखादा पांढरा ठिपका, एवढ्यावरच निरीक्षकास बहुधा समाधान मानावे लागते. उत्तर अमेरिकेतील टौही हा या वर्गाचा नमुनेदार प्रतिनिधी होय. त्याच्या ओळखीचा प्रश्न वरवर पाहता साधा आहे. तथापि त्याचा माग घेत गेल्यास जाती म्हणजे काय, या प्राणिशास्त्रातील जुन्या वादापर्यंत जाऊन पोचावे लागते, आणि त्या वादाचा निरीक्षकाच्या टिपणवहीशी समजला जातो त्याहून पुष्कळच जवळचा संबंध आहे.

टौही हे नाव पक्ष्याच्या हाकेवरून पडलेले आहे. इंग्रज निसर्गाभ्यासक मार्क केट्सबी याने कॅरोलायना, फ्लॉरिडा आणि बहामा बेटे यांच्या निसर्गेतिहासावरील जो सचित्र ग्रंथ १७२९ पासून भागशः प्रसिद्ध केला, त्यात ते प्रथम आले. पुढे १७५८ मध्ये लिनियसने या पक्ष्यास शास्त्रीय नाव दिले, ते मात्र त्याच्या डोळ्यांवरून. ‘एरिथ्रोफ्थाल्मस’ म्हणजे तांबड्या डोळ्यांचा. एका नावात कानाची साक्ष आणि दुसऱ्यात डोळ्याची, असा हा योग आहे. आज तो पिपिलो या प्रजातीत मोडतो. अमेरिकेत ज्यांना ‘स्पॅरो’ म्हणतात त्या पक्ष्यांशी टौहीचे जवळचे नाते आहे. मात्र आपल्या घराच्या वळचणीला राहणारी चिमणी या शब्दाने डोळ्यांसमोर आणू नये. अमेरिकेतील हे ‘स्पॅरो’ आपल्याकडील भारीट पक्ष्यांना अधिक जवळचे असून दीर्घकाळ त्या दोहोंची गणना एकाच कुलात होत असे. अमेरिकेतील पक्षिशास्त्रज्ञांच्या संस्थेने २०१७ मध्ये त्यांना पॅसेरेलिडी या स्वतंत्र कुलात घातले.

टौहीचा पहिला पुरावा बहुधा आवाजाचा असतो, आणि तो कंठातून निघालेला नसून पायांचा असतो. वाळलेल्या पानांत एकदम खसखस होते, क्षणभर थांबते, पुन्हा तितकीच होते. पक्षी पुढे छोटी उडी घेतो आणि जमिनीला पाय लागताच दोन्ही पाय एकाच वेळी जोराने मागे ओढतो. पाने मागे फेकली जातात, पक्षी मात्र जवळजवळ जागच्या जागीच राहतो आणि उघड्या पडलेल्या मातीतील किडा किंवा दाणा टिपतो. कोंबडी एका पायाने, मग दुसऱ्याने उकरते. टौहीची उकरण्याची क्रिया जोडपायांची आहे. हा फरक क्षुल्लक नव्हे. जोडपायांनी उकरण्याची ही सवय टौहीच्या कुलातील अनेक पक्ष्यांत आढळते; फॉक्स स्पॅरो, पांढऱ्या गळ्याचा स्पॅरो व जुन्को हे त्यांपैकी काही. जॉन ग्रीनलॉ यांनी १९७० नंतरच्या दशकात निरनिराळ्या पक्षिसमूहांतील या क्रियेचा तौलनिक अभ्यास प्रसिद्ध केला. तेव्हापासून तिच्याकडे केवळ गंमत म्हणून नव्हे, तर उत्क्रांतीच्या दृष्टीने पाहिले जाऊ लागले.

म्हणून झुडपामागे खसखस ऐकू आली की ती कशी आहे, हे आधी नीट ऐकावे. खारीची खसखस अनियमित असते आणि सरकत जाते. कस्तूरवर्गीय पक्षी पायांऐवजी चोचीने पान उचलून बाजूस टाकतात. त्यांचा आवाज हलका आणि सुटासुटा येतो. पश्चिम किनाऱ्यावरील दाट जंगलातील व्हेरिड थ्रश तर पाचोळा चोचीत धरून मागे उडी घेतो. ब्राऊन थ्रॅशर हा लांब शेपटीचा, पिवळ्या डोळ्यांचा पक्षी आपली बळकट चोच डावीकडून उजवीकडे झाडूप्रमाणे फिरवितो आणि पुष्कळ गोंगाट करतो; पूर्वेकडील अमेरिकेत टौहीशी आवाजाने गल्लत व्हावयाची ती मुख्यत्वे याच्याशीच. ओव्हनबर्ड उकरतच नाही. तो उडी न मारता पावले टाकीत, शेपटी किंचित वर धरून चालतो, आणि हे चालणे एकदा पाहिले की त्याच्या डोक्यावरील नारिंगी पट्टा दिसण्याची वाट पाहावी लागत नाही. हर्मिट थ्रश हा कस्तूर शेपटी झटक्यात वर नेतो आणि सावकाश खाली आणतो. सारांश, हा पक्षी कोणत्या गटातील असावा हे त्याच्या हालचालीवरून ठरते. रंगाचा विचार त्यानंतर करावयाचा.

रॉजर टोरी पीटरसन याने १९३४ मध्ये आपल्या क्षेत्रीय मार्गदर्शिकेत प्रत्येक पक्ष्याच्या ठळक खुणांकडे बोट दाखविण्याची जी पद्धत रूढ केली, ती सर्वांच्या परिचयाची आहे. पूर्वेकडील टौहीस ती चांगली लागू पडते. नर सुमारे वीस सेंटिमीटर लांबीचा. डोके, गळा आणि पाठ काळी, कुशी विटकरी तांबूस, पोट पांढरे. पंखावरील प्राथमिक पिसांच्या मुळाशी एक पांढरा चौकोनी डाग असतो आणि लांब, गोलसर शेपटीचे दोन्ही कोपरे पांढरे असतात. पक्षी दचकून उडाला की हे कोपरे पंख्यासारखे उघडतात. मादीत काळ्याच्या जागी उबदार तपकिरी रंग येतो. बाकी मांडणी तीच राहते.

पश्चिमेकडील ठिपकेदार टौहीच्या पाठीवर, खांद्यावर व पंखांवरील आच्छादक पिसांवर पांढरे ठिपके असतात आणि पंखावर दोन पांढऱ्या रेषा दिसतात. प्राथमिक पिसांच्या मुळाशी असणारा तो चौकोनी डाग मात्र त्याच्यात नसतो किंवा अगदी क्षीण असतो. नवशिक्या निरीक्षकाचे लक्ष ठिपक्यांकडे जाते. अनुभवी निरीक्षक त्यासोबतच हा डाग आहे की नाही, हेही पाहतो. ठिपक्यांचे प्रमाण प्रदेशपरत्वे फार बदलते, हे ध्यानात ठेवले पाहिजे. ऑरेगनच्या ओलसर किनारपट्टीवरील पक्षी अतिशय गडद असून त्यांच्यावर ठिपके तुरळक असतात, तर कोरड्या अंतर्भागातील पक्ष्यांवर ते ठसठशीत दिसतात. ठिपकेदार मादी पूर्वेकडील मादीपेक्षा अधिक करडी, काजळी लागल्यासारखी असते.

खरी अडचण पिलांची. घरट्यातून नुकतेच बाहेर पडलेले टौहीचे पिलू काळे नसते आणि तांबूसही नसते; त्याच्या अंगावर तपकिरी रेघा असतात व ते कोणत्याही सामान्य स्पॅरोसारखे दिसते. उन्हाळ्यातील काही आठवडेच हा वेष टिकतो, परंतु त्या काळात जवळपासच्या पुस्तकी खुणा जवळजवळ सर्व निरुपयोगी होतात. शेपटीची लांबी आणि तिचे पांढरे कोपरे एवढेच हाती राहतात. मोठे टौही त्या पिलास भरवीत आहेत, म्हणून ते टौहीचेच असले पाहिजे, हे अनुमानही सुरक्षित नाही. तपकिरी डोक्याचा काऊबर्ड आपली अंडी टौहीच्या घरट्यात घालतो, आणि आपल्याकडे कोकिळेचे पिलू कावळा वाढवितो त्याप्रमाणे काऊबर्डचे पिलू टौही वाढवितो.

डोळ्यांचा रंगही लिनियसच्या नावावर विसंबून गृहीत धरता येत नाही. तरुण पक्ष्याचे बुबुळ मळकट तपकिरी असते, ते पुढे तांबडे होते. फ्लॉरिडातील पूर्वीय टौहींचे डोळे तर प्रौढपणीही फिकट, जवळजवळ पांढरे असतात. या उपजातीस अलेनाय असे नाव आहे. उत्तरेकडून थंडीत दक्षिणेस आलेले तांबड्या डोळ्यांचे पक्षी आणि तेथील रहिवासी पांढऱ्या डोळ्यांचे पक्षी एकाच बागेत दिसू शकतात; तेव्हा येथे डोळ्यांचा रंग जाती सांगत नाही, पक्ष्याचा मूळ प्रदेश सुचवितो.

कंठध्वनीकडे वळल्यास चित्र काहीसे स्पष्ट होते. पूर्वेकडील नराचे गाणे दोन सुट्या स्वरांनी सुरू होऊन एका कंपित स्वरात संपते. अमेरिकी निरीक्षक ते ‘ड्रिंक युअर टी’, म्हणजे ‘चहा घे’, या शब्दांनी लक्षात ठेवतात व शेवटचा शब्द लांबवितात. ठिपकेदार टौहीच्या गाण्यात आरंभीचे स्वर आखूड होतात, आणि पॅसिफिक किनाऱ्यावर तर कित्येकदा केवळ कोरडी घरघर उरते. हाकांमधील भेद याहून ठळक आहे. पूर्वेकडील पक्ष्याची हाक दोन अवयवांची, चढत जाणारी, जिच्यावरून त्यास ‘टौही’ व ‘चेविंक’ अशी नावे पडली. पश्चिमेकडील पक्ष्याची मांजराच्या तक्रारीसारखी एकसलग. येथे कॅटबर्ड या पक्ष्याची आठवण ठेवणे आवश्यक आहे, कारण त्याचे नावच मांजरासारख्या हाकेवरून पडलेले आहे. तसेच गाणाऱ्या पक्ष्यांत गाणे हे मुख्यत्वे शिकण्याने येते आणि हाक बहुतांशी उपजत असते. म्हणून सीमेवरील प्रदेशात नुसत्या गाण्यावरून पक्ष्याची जात ठरविणे धोक्याचे आहे. तो शेजाऱ्याचे गाणे शिकलेला असू शकतो.

ध्वनीवरून ओळखण्याच्या कौशल्यावर बरेच काही अवलंबून आहे. उत्तर अमेरिकेत १९६६ पासून प्रजननकाळी पक्ष्यांची जी वार्षिक मोजणी चालते, तिच्यात निरीक्षक सुमारे ३९ किलोमीटरच्या ठरावीक रस्त्यावर ५० ठिकाणी थांबतो आणि प्रत्येक ठिकाणी तीन मिनिटांत जे दिसेल व ऐकू येईल ते नोंदवितो. झुडपात राहणारा टौही तीन मिनिटांत दिसणे कठीण. तो मोजला जातो तो कानानेच. अशाच मोजण्यांवरून ईशान्य अमेरिकेत पूर्वेकडील टौहीची संख्या फार मोठ्या प्रमाणात घटल्याचे उघडकीस आले. जुनी शेते ओसाड पडून तेथे झुडपे माजली, त्या अवस्थेत टौहीची भरभराट झाली. पुढे त्याच झुडपांचे उंच जंगल झाले व त्याच्या पायाखालचा आसरा गेला. जंगल वाढले आणि पक्षी घटला, ही गोष्ट वरकरणी विपरीत वाटते, परंतु अधिवास म्हणजे केवळ झाडांची संख्या नव्हे.

काळ्या-तांबूस टौहींहून अगदी वेगळा प्रश्न नैर्ऋत्येकडील तपकिरी टौहींचा आहे. तेथे खुणा विपुल नाहीत. खुणांचे दुर्भिक्षच आहे. कॅलिफोर्निया टौही हा जवळजवळ एकरंगी मातकट पक्षी, शेपटीखाली तेवढा तांबूस. कॅन्यन टौहीच्या डोक्यावर किंचित तांबूस झाक आणि छातीवर एक गडद ठिपका. या दोघांना पूर्वी एकच जाती समजत. आनुवंशिक अभ्यासाच्या आधारे १९८९ मध्ये ते वेगळे करण्यात आले, आणि २०१० मध्ये पिपिलो प्रजातीतून काढून मेलोझोन या प्रजातीत घालण्यात आले. निरीक्षकास सुदैवाने प्रदेशाची मदत होते, कारण त्यांचे प्रदेश एकमेकांत मिसळत नाहीत. कॅलिफोर्नियाची हाक धातूवर टिचकी मारल्यासारखी असते, कॅन्यनची दोन अवयवांची. कोलोरॅडो व हिला नद्यांच्या खोऱ्यांतील झाडीत राहणारा अ‍ॅबर्टचा टौही चोचीभोवतीच्या काळसर मुखवट्याने ओळखू येतो.

जॉन डेव्हिस यांनी १९५७ मध्ये कॅलिफोर्नियातील ठिपकेदार व तपकिरी टौहींच्या अन्न मिळविण्याच्या पद्धतींची तुलना प्रसिद्ध केली, ती आजही वाचण्याजोगी आहे. एकाच टेकडीवर राहणाऱ्या या दोन पक्ष्यांपैकी ठिपकेदार टौही झुडपांच्या सावलीत, जाड पाचोळ्यात जोमाने उकरतो. तपकिरी टौही झुडपांच्या कडेने उघड्यावर येतो, उकरतो कमी आणि टिपतो अधिक. म्हणजे पक्षी जेथे उभा आहे ती जागाच त्याची अर्धी ओळख सांगते. कॅलिफोर्नियातील इन्यो परगण्यात, आर्गस डोंगररांगेतील वाळवंटी झऱ्यांच्या काठच्या झाडीत कॅलिफोर्निया टौहीची एक उपजाती राहते, तिच्या बाबतीत तर हे अक्षरशः खरे आहे. ती नात्यातल्या इतर पक्ष्यांपासून दुर्बिणीने वेगळी करणे जवळजवळ अशक्य. तिची ओळख म्हणजे तिचे ठिकाण. १९८७ मध्ये तिला संघराज्याच्या कायद्याने संकटग्रस्त म्हणून संरक्षण मिळाले. मोकाट गाढवांनी तुडविलेल्या झऱ्याचे कुंपण कोठे घालावयाचे, हा निर्णय अशा वेळी कोणत्या झऱ्यावर पक्षी नोंदला गेला यावर ठरतो. नोंदीत ठिकाण मोघम असेल तर नाव अचूक असूनही ती व्यर्थ जाते.

आता मूळ वादाकडे. पूर्वीय व ठिपकेदार टौही यांचे प्रदेश मध्य अमेरिकी संघराज्यांतील विस्तीर्ण गवताळ मैदानांनी विभागलेले आहेत. परंतु या मैदानांतून पश्चिमेकडून पूर्वेकडे नद्या वाहतात आणि त्यांच्या काठाने झाडीच्या चिंचोळ्या वाटा तयार झालेल्या आहेत. नेब्रास्कातील प्लॅट नदीच्या काठाने या दोन पक्ष्यांची गाठ पडते व त्यांचा संकर होतो. चार्ल्स सिब्ली यांनी प्रथम मेक्सिकोत, ठिपकेदार टौही व गळपट्टेदार टौही यांच्या संकराचा अभ्यास १९५० मध्ये प्रसिद्ध केला होता. तेथे त्यांना असे आढळले की काही पर्वतांवर या दोन जाती मुक्तपणे मिसळतात, तर ओआहाकात त्या शेजारी राहूनही बहुधा मिसळत नाहीत. पुढे डेव्हिड वेस्ट यांच्यासह त्यांनी १९५९ मध्ये मैदानी प्रदेशातील संकराचा अभ्यास प्रसिद्ध केला. त्यांची पद्धत साधी पण मार्मिक होती. पाठीचा रंग, ठिपके, शेपटीतील पांढरेपणा अशा प्रत्येक लक्षणास गुण द्यावयाचे आणि त्यांची बेरीज म्हणजे त्या पक्ष्याचा संकरांक. नदीच्या काठाने पूर्वेकडून पश्चिमेकडे जाताना हा अंक एकदम उडी न घेता हळूहळू बदलत जातो.

असा संकर आढळल्यामुळे अमेरिकी संस्थेच्या १९५७ च्या यादीत दोघांना एकच जाती मानून ‘तांबूस कुशीचा टौही’ असे नाव देण्यात आले होते. १९९५ मध्ये त्याच संस्थेने हा निर्णय फिरविला व दोन जाती पुन्हा वेगळ्या केल्या. संकराचा पट्टा अस्तित्वात असूनही त्याच्या दोन्ही बाजूंस पक्षी आपापले वेगळेपण टिकवून आहेत, हे अधिक वजनदार मानले गेले. दोन्ही निर्णयांमागे तर्क होता. परंतु या मधल्या जवळजवळ चाळीस वर्षांत मैदानी प्रदेशातील ज्या निरीक्षकाने वहीत नुसते ‘तांबूस कुशीचा टौही’ एवढेच लिहिले, त्याच्या नोंदीचे आज काय करावयाचे? मॅसॅच्युसेट्स किंवा कॅलिफोर्नियातील नोंद ठिकाणावरून निकालात काढता येते. नेब्रास्कातील नोंद नाही. त्या नोंदीचा पक्षी पूर्वीय होता, ठिपकेदार होता की मिश्र होता, हे आता कोणीही सांगू शकत नाही. त्याच गावातील एखाद्या काटेकोर गृहस्थाने मात्र ‘पाठीवर ठिपके, पंखावर चौकोनी डाग नाही, हाक मांजरासारखी’ असे लिहिले असेल, तर याद्या कितीही वेळा बदलल्या तरी त्याची नोंद उपयोगात येते.

मराठी वाचकास हा प्रश्न अगदीच दूरचा वाटू नये. हिवाळ्यात ज्वारीच्या शेतांवर जे काळ्या डोक्याचे आणि लाल डोक्याचे भारीट थव्याथव्यांनी उतरतात, त्या दोन जातींचाही उत्तर इराणात, त्यांच्या वीणप्रदेशांच्या सीमेवर, संकर होतो. नर डोक्याच्या रंगावरून सहज ओळखू येतात. माद्या मात्र क्षेत्रात पाहून वेगळ्या करणे अतिशय कठीण आहे. शेतातील मिश्र थव्याच्या नोंदीत सर्व माद्या ज्या नराच्या जवळ दिसल्या त्याच्या जातीत घालून टाकण्याचा मोह होतो, आणि त्या मोहाची तपासणी पुढे कोणालाही करता येत नाही.

मैदानी पट्ट्यात पक्षी पाहावयाचा झाल्यास, नजर स्थिर राहण्याचा वेळ दोन-तीन सेकंदांपेक्षा अधिक मिळत नाही, असे धरूनच क्रम ठरवावा लागतो. शेपटीचे पांढरे कोपरे तेथे पाहण्यात अर्थ नाही, कारण ते दोघांतही असतात. टौही आहे हे उकरण्यावरून आधीच कळलेले असते. पहिली दृष्टी पंखावर, प्राथमिक पिसांच्या मुळाशी जावी, दुसरी खांद्यावर. डाग स्पष्ट व खांदा कोरा असल्यास पूर्वीय, डाग नसून खांदा ठिपकेदार असल्यास पश्चिमेकडील. डागही आहे आणि थोडे ठिपकेही आहेत, किंवा दोन्ही नाहीत, असा पक्षी दिसला तर पंखाचे लहानसे रेखाचित्र काढून, हाक लिहून, पुढे ‘टौही, जाती अनिर्णित’ असे नोंदवावे. प्लॅटच्या काठी अशी नोंद निरीक्षकाच्या अपयशाची खूण नसून बहुधा पक्ष्याचेच यथार्थ वर्णन असते.